विश्लेषण : ‘फुकटचे प्रीमियम’ संगीत मोबाइलधारकांना किती महागात पडू शकते?

जाहिराती नाहीत, हवे तितके डाउनलोड, हवे ते गाणे हवे तेव्हा आणि वर मासिक शुल्कही नाही! स्पॉटिफाय, यूट्यूब म्युझिक यांसारख्या सेवांच्या ‘मॉड’ अर्थात परस्पर फेरफार केलेल्या ॲपची ही जाहिरात टेलिग्राम समूहांपासून व्हॉट्सॲप फॉरवर्डपर्यंत सर्वत्र दिसते. ज्या फोनवर हे ॲप येते, त्याच फोनवर यूपीआय, बँकेचे ओटीपी, आधारची छायाचित्रे आणि घरातल्यांचे संपर्क असतात. महिन्याचे शंभर-दीडशे रुपये वाचवताना नेमके काय पणाला लागते, याचा आढावा.

‘मॉड’ ॲप म्हणजे नेमके काय?

अँड्रॉइड फोनवरील प्रत्येक ॲप ‘एपीके’ नावाच्या फाइलमधून बसवले जाते. ही फाइल म्हणजे एक प्रकारचे गाठोडेच. त्यात ॲपचा कोड, चित्रे, मांडणी आणि कोणत्या परवानग्या लागतील याची यादी असते. सहज मिळणाऱ्या साधनांच्या मदतीने हे गाठोडे सोडता येते, आतील कोड बदलता येतो आणि ते पुन्हा बांधता येते. ‘हा वापरकर्ता पैसे भरणारा आहे का?’ हे तपासणारा भाग निकामी केला, जाहिरात मागवणारा भाग काढून टाकला, की ‘प्रीमियम मॉड’ तयार होतो. नाव, चिन्ह, रंग सारे मूळ ॲपसारखेच राहते. गाणीही मूळ कंपनीच्याच सर्व्हरवरून येतात. त्यामुळे वापरणाऱ्याला आपण कंपनीचेच ॲप वापरत आहोत, फक्त पैसे भरत नाही, असे वाटते. प्रत्यक्षात ते ॲप आता त्या कंपनीचे राहिलेले नसते. ते कुणा अनोळखी व्यक्तीने पुन्हा बांधलेले गाठोडे असते. बांधताना त्याने त्यातून काय काढले हे जाहिरातीत सांगितलेले असते. आत काय घातले, हे मात्र कुठेच लिहिलेले नसते.

अशा ॲपना मागणी का आहे?

भारतीय श्रोत्याला मोफत संगीताची सवय लागून बराच काळ झाला. रेडिओ, कॅसेटच्या नकला, एमपी३ सीडी, मेमरी कार्डात गाणी भरून देणारी मोबाइलची दुकाने आणि मग स्वस्त डेटा असा तो प्रवास आहे. गेल्या काही वर्षांत मात्र मोफत पर्याय आकसले. ‘गाना’ने २०२२ मध्ये मोफत सेवा बंद करून शुल्काचा मार्ग धरला. ‘रेसो’ने जानेवारी २०२४ अखेर भारतातील गाशा गुंडाळला. एअरटेलने ‘विंक म्युझिक’ बंद करण्याचा निर्णय ऑगस्ट २०२४ मध्ये जाहीर केला. स्पॉटिफायने ऑक्टोबर २०२३ मध्ये भारतातील मोफत वापरकर्त्यांसाठी गाणी हव्या त्या क्रमाने ऐकणे, मागील गाण्यावर जाणे, गाणे पुढे-मागे सरकवणे अशा सोयींवर मर्यादा आणल्या. सप्टेंबर २०२५ मध्ये कंपनीने मोफत सेवेत हवे ते गाणे निवडून वाजवण्याची मुभा जाहीर केली, पण जाहिराती आणि ऑफलाइन डाउनलोडची अडचण कायम राहिली. दुसरीकडे शुल्कही वाढत आहे. २०१९ मध्ये भारतात आलेल्या स्पॉटिफायची वैयक्तिक योजना तेव्हा महिना ११९ रुपयांची होती. यूट्यूब प्रीमियमची वैयक्तिक योजना ऑगस्ट २०२४ मध्ये १२९ वरून १४९ रुपयांवर गेली. लोकलमध्ये किंवा एसटीत नेटवर्क जाते, म्हणून डाउनलोड हवे आणि ओटीटी, रिचार्ज यांच्या यादीत आणखी एक मासिक खर्च नको, या पेचातून ‘मॉड’कडे वळणाऱ्यांमध्ये विद्यार्थ्यांपासून नोकरदारांपर्यंत सगळेच आहेत.

सुरक्षेची साखळी कुठे तुटते?

अँड्रॉइडवरील प्रत्येक ॲपवर ते बनवणाऱ्याची डिजिटल सही असते. ॲपची नवी आवृत्ती आली, की ती त्याच सहीची आहे का हे फोन तपासतो आणि मगच जुन्या आवृत्तीच्या जागी तिला बसू देतो. ॲपमध्ये एका अक्षराचा जरी बदल केला तरी मूळ सही बाद होते. मूळ कंपनीची गुप्त किल्ली मॉड करणाऱ्याकडे नसल्याने त्याला स्वतःची सही करावी लागते. म्हणूनच बहुतेक मॉड बसवण्यापूर्वी मूळ ॲप काढून टाकण्याची सूचना दिली जाते. ही सूचना वरकरणी तांत्रिक वाटते, पण तिचा अर्थ गंभीर आहे. यापुढे त्या ॲपची जबाबदारी मूळ कंपनीवर राहत नाही. प्ले स्टोअरवरून येणारी सुरक्षा दुरुस्ती त्याला मिळत नाही. पुढचे प्रत्येक ‘अपडेट’ त्या अनोळखी व्यक्तीकडूनच घ्यावे लागते. पहिली आवृत्ती निर्धोक असली, तरी चौथी किंवा पाचवी तशी असेलच याची हमी देणारे कुणी नसते. शिवाय ॲप बसवताना ‘अनोळखी स्रोतांकडून ॲप घेण्याची’ परवानगी ब्राउझरला किंवा टेलिग्रामला दिली जाते आणि काम झाल्यावर ती बंद करायची राहून जाते. गाण्यासाठी उघडलेले दार पुढच्या पाहुण्यासाठीही उघडेच राहते.

‘नेक्रो’ प्रकरणात काय घडले?

हा धोका केवळ शक्यतेच्या पातळीवर नाही, हे सप्टेंबर २०२४ मध्ये समोर आले. कॅस्परस्की या सायबर सुरक्षा कंपनीच्या संशोधकांना ‘स्पॉटिफाय प्लस’ नावाच्या मॉडमध्ये ‘नेक्रो’ हा ट्रोजन सापडला. ते ॲप देणाऱ्या संकेतस्थळावर ते सुरक्षित आणि प्रमाणित असल्याचा दावा होता. ॲप सुरू होताच त्यातील जाहिरातींशी संबंधित एक भाग हल्लेखोरांच्या सर्व्हरशी संपर्क साधत असे. उत्तरादाखल सर्व्हर एका चित्राचा पत्ता पाठवी. ते चित्र साधी पीएनजी फाइल दिसे, पण तिच्या बिंदूंमध्ये घातक कोड लपवलेला असे. फोनवर आल्यावर तो वेगळा काढून चालवला जाई. एपीके फाइलमध्ये घातक कोड थेट नसल्याने वरवरच्या तपासणीत काही हाती लागणे कठीण.

पुढे हा ट्रोजन आणखी भाग मागवून घेऊ शके. न दिसणाऱ्या खिडक्यांत जाहिराती उघडून त्यांवर क्लिक करणे, नवी ॲप उतरवून बसवणे, सशुल्क सेवांची वर्गणी परस्पर सुरू करणे आणि त्या फोनमार्फत इतरांची इंटरनेट वाहतूक फिरवणे, अशी ही कामे होती. २६ ऑगस्ट ते १५ सप्टेंबर २०२४ या तीन आठवड्यांत नेक्रोचे १० हजारांहून अधिक हल्ले रोखल्याचे कंपनीने म्हटले. त्यांत रशिया, ब्राझील आणि व्हिएतनाम आघाडीवर होते. व्हॉट्सॲप आणि माइनक्राफ्टच्या मॉडमध्येही हाच ट्रोजन आढळला.

याच प्रकरणाला आणखी एक बाजू आहे. नेक्रो प्ले स्टोअरवरील ‘वुटा कॅमेरा’ आणि ‘मॅक्स ब्राउझर’ या दोन ॲपमध्येही होता. पहिल्याचे डाउनलोड एक कोटीहून अधिक, तर दुसऱ्याचे दहा लाखांहून अधिक. म्हणजे अधिकृत स्टोअर हे अभेद्य कवच नव्हे. फरक पडला तो नंतर. माहिती मिळाल्यावर कॅमेरा ॲपमधील घातक कोड काढला गेला आणि ब्राउझर स्टोअरवरून हटवला गेला. मॉडच्या बाबतीत असे हटवणारे कुणी नसते. एका संकेतस्थळावरून फाइल गेली, तरी दहा ठिकाणी तिच्या प्रती असतात.

परवानगी मागितली नाही, म्हणजे धोका नाही?

अनेक जण परवानग्यांची यादी पाहून निर्धास्त होतात. ॲपने संपर्क, कॅमेरा किंवा एसएमएस मागितले नाहीत म्हणजे ते काही करू शकणार नाही, असा समज असतो. तो अर्धाच खरा आहे. इंटरनेट वापरण्यासाठी अँड्रॉइड वापरकर्त्याला विचारतच नाही आणि संगीत ॲपला इंटरनेट लागतेच. तेवढ्या बळावर लपून जाहिराती उघडणे, त्यावर क्लिक करणे आणि फोनला ‘प्रॉक्सी’ म्हणजे दुसऱ्याच्या वाहतुकीचा मधला थांबा बनवणे शक्य होते. बॅटरी लवकर उतरणे, फोन तापणे, डेटा अकारण संपणे ही त्याची दिसणारी लक्षणे. प्रॉक्सीचा धोका याहून मोठा आहे. दूर बसलेल्या गुन्हेगाराने त्या फोनमार्फत फसवणूक केली, तर तपासात पहिला सापडणारा इंटरनेट पत्ता त्या फोनचा किंवा घरच्या वायफायचा असतो. आपण काही केलेले नाही, हे सिद्ध करण्याची धावपळ मग त्या कुटुंबाच्या वाट्याला येते.

दुसरा प्रश्न लॉगिनचा. मॉडमध्ये आत जाण्यासाठी ईमेल आणि पासवर्ड टाकावाच लागतो, किंवा गूगल-फेसबुक खात्याने प्रवेश करावा लागतो. तो पासवर्ड ज्या चौकटीत टाकला जातो, ती चौकट बदललेल्या ॲपच्या ताब्यात असते. एकच पासवर्ड ईमेल, खरेदी आणि संगीत अशा तिन्ही ठिकाणी असेल, तर एक किल्ली गेली की तिन्ही कुलुपे उघडतात. २०२२ मध्ये ‘योव्हॉट्सॲप’ या मॉडमध्ये वापरकर्त्याच्या व्हॉट्सॲप खात्याच्या किल्ल्या चोरणारा कोड कॅस्परस्कीला आढळला होता. त्या मॉडचा प्रसार गाणी-व्हिडीओ उतरवून देणाऱ्या ‘स्नॅपट्यूब’ या ॲपमधील जाहिरातींतून झाला होता. एका अनधिकृत ॲपने दुसऱ्याकडे नेले, असे हे उदाहरण.

बँक खात्यापर्यंत मजल कशी जाते?

यासाठी हल्लेखोरांना प्रामुख्याने तीन गोष्टी लागतात. एसएमएस वाचण्याची परवानगी, येणाऱ्या सूचना म्हणजे नोटिफिकेशन वाचण्याची परवानगी आणि ‘ॲक्सेसिबिलिटी’ ही सुविधा. यातील तिसरी दृष्टिहीन किंवा हातांची हालचाल मर्यादित असलेल्या व्यक्तींना फोन वापरता यावा म्हणून केलेली आहे. ती मिळालेले ॲप पडद्यावरील मजकूर वाचू शकते आणि वापरकर्त्याच्या वतीने बटणेही दाबू शकते. ती चुकीच्या हाती पडली, तर ओटीपी वाचणारा आणि ‘होय’ म्हणणारा एकच असतो. गाणी वाजवणाऱ्या ॲपला एसएमएस वाचण्याची किंवा ॲक्सेसिबिलिटीची कोणतीही गरज नसते. ‘उत्तम आवाजासाठी’ किंवा ‘जाहिराती रोखण्यासाठी’ अशा सबबीखाली ती मागितली गेली, तर ती धोक्याची घंटा समजावी.

राज्यात एपीके फाइलमार्फत होणारी फसवणूक आता पोलिसांना नवी राहिलेली नाही. वाहतूक दंडाची पावती, लग्नपत्रिका, सरकारी योजना अशा नावांनी या फाइल व्हॉट्सॲपवर येतात. ऑगस्ट २०२५ मध्ये हिंगोली जिल्ह्यातील एका सरकारी कर्मचाऱ्याने लग्नपत्रिका समजून अशीच फाइल उघडली आणि त्यांच्या खात्यातून सुमारे १ लाख ९० हजार रुपये गेले. ते संगीत ॲप नव्हते, पण वाट तीच होती. स्टोअरबाहेरची एपीके फाइल, घाईत दिलेल्या परवानग्या आणि मग फोनचा ताबा. मॉडच्या बाबतीत फरक एवढाच, की लग्नपत्रिकेची फाइल गाफीलपणे उघडली जाते, तर मॉड वापरणारा स्वतः शोधून आणतो. फोनने दिलेला धोक्याचा इशाराही तो ‘असे येतच असते’ म्हणून ओलांडतो, कारण मॉडच्या सूचनांमध्ये तसे आधीच लिहिलेले असते. काही ठिकाणी तर ‘प्ले प्रोटेक्ट’ बंद करण्याचा सल्लाही दिला जातो.

नावाजलेला मॉड असेल तर?

‘अमुक मॉड वर्षानुवर्षे चालतो, तो खात्रीचा आहे’ हा नेहमीचा युक्तिवाद. सर्वच मॉड करणारे चोर असतात असे नाही, हेही खरे. काहींना तांत्रिक कुतूहल असते, काहींचा जाहिरातींना विरोध असतो. ‘यूट्यूब व्हॅन्स्ड’ हे असेच जगभर लोकप्रिय झालेले मॉड. गूगलच्या कायदेशीर नोटिशीनंतर मार्च २०२२ मध्ये त्याच्या निर्मात्यांनी ते बंद करत असल्याचे जाहीर केले. ॲप बंद झाले, पण नावाची मागणी कायम राहिली. ते नाव घेऊन शोध घेणाऱ्यांसमोर मग नामसाधर्म्याचा फायदा घेणारी संकेतस्थळे उभी राहिली. अनधिकृत ॲपचे ‘अधिकृत’ संकेतस्थळ कोणते, हे ठरवणारी कोणतीही यंत्रणा नसते, ही यातली मूळ अडचण. मूळ मॉड निर्धोक असेल, पण वापरकर्त्याच्या हाती आलेली फाइल तीच आहे की मध्ये कुणी ती पुन्हा उघडून बांधली, हे सामान्य माणसाला कळत नाही.

आयफोनधारक निर्धास्त राहू शकतात का?

आयफोनवर ॲप स्टोअरबाहेरून ॲप बसवणे तुलनेने अवघड आहे, अशक्य नाही. कंपन्यांना आपल्या कर्मचाऱ्यांसाठी अंतर्गत ॲप देता यावीत म्हणून ॲपल विशेष प्रमाणपत्रे देते. या प्रमाणपत्रांचा गैरवापर करून स्पॉटिफाय, पोकेमॉन गो, माइनक्राफ्ट अशा ॲपच्या फेरफार केलेल्या आवृत्त्या वाटल्या जात असल्याचे वृत्त ‘रॉयटर्स’ने फेब्रुवारी २०१९ मध्ये दिले होते. अशी प्रमाणपत्रे रद्द झाली, की ॲप एका रात्रीत बंद पडते. त्यासाठी एखादे अनोळखी ‘प्रोफाइल’ विश्वासार्ह मानण्याची सूचना दिली जाते. ती मानणे म्हणजे फोनच्या सुरक्षेत स्वतःहून पाडलेली फट होय.

कंपन्या आणि कलावंतांचे काय नुकसान होते?

स्पॉटिफायने २०१८ मध्ये न्यूयॉर्क शेअर बाजारात नोंदणी होण्यापूर्वी दिलेल्या माहितीत, सुमारे २० लाख वापरकर्ते पैसे न भरता जाहिराती रोखत असल्याचे आढळल्याचे म्हटले होते. त्यामुळे डिसेंबर २०१७ अखेरची मासिक वापरकर्त्यांची संख्या १५ कोटी ९० लाखांवरून १५ कोटी ७० लाख अशी सुधारावी लागली. त्याच सुमारास मॉड वापरणाऱ्यांना कंपनीने ईमेल पाठवून त्यांचा प्रवेश रोखला. १ मार्च २०१९ पासून लागू झालेल्या अटींत जाहिराती रोखण्यास स्पष्ट मनाई आली आणि त्याबद्दल खाते बंद करण्याचा अधिकार कंपनीने राखून ठेवला. मार्च २०२५ मध्ये अनेक मॉड अचानक बंद पडल्याच्या तक्रारी जगभरातून आल्या. खाते गेले, तर वर्षानुवर्षे जमवलेल्या गाण्यांच्या याद्याही जातात.

कलावंतांचा हिशेब वेगळा आहे. वर्गणी आणि जाहिराती यांतून जमा होणाऱ्या रकमेतील मोठा वाटा हक्कधारकांना जातो आणि एकूण ऐकण्यात ज्याचा जितका हिस्सा, तितके त्याला मिळतात. मॉड वापरणारा वर्गणी भरत नाही आणि जाहिरातही ऐकत नाही. त्याच्या ऐकण्यातून या गंगाजळीत एक रुपयाही येत नाही. मोठ्या कंपनीच्या हिंदी चित्रपटगीताला याचा फटका जाणवणार नाही. स्वतःच्या खर्चाने ध्वनिमुद्रण करणाऱ्या मराठी गायक-संगीतकाराला मात्र जाणवतो. त्यातच २०२४ पासून स्पॉटिफायवर गाण्याला मानधन सुरू होण्यासाठी वर्षभरात किमान एक हजार वेळा ऐकले जाण्याची अट आहे.

कायदा काय सांगतो?

१९५७ च्या कॉपीराइट कायद्यात २०१२ मध्ये दुरुस्ती करून ‘६५ अ’ हे कलम घालण्यात आले. हक्कभंग करण्याच्या हेतूने तांत्रिक संरक्षण तोडणाऱ्यास त्यानुसार दोन वर्षांपर्यंत कारावास आणि दंड होऊ शकतो. ‘६३ ब’ या कलमानुसार हक्कभंग करणारी संगणक प्रणाली जाणीवपूर्वक वापरणे हाही गुन्हा आहे. त्यासाठी सात दिवस ते तीन वर्षे कारावास आणि ५० हजार ते दोन लाख रुपये दंडाची तरतूद आहे. वापर आर्थिक लाभासाठी किंवा व्यवसायात नसेल, तर न्यायालय कारावास न देता ५० हजारांपर्यंत दंड करू शकते. या कायद्यातील ‘संगणक’ या शब्दाची व्याख्या व्यापक असल्याने स्मार्टफोनही तीत बसतो. प्रत्यक्षात कंपन्यांचा रोख मॉड बनवणारे आणि वाटणारे यांच्याकडे अधिक असतो. मॉडमधून फसवणूक झाली, तर दाद मागायला मात्र समोर कुणीच नसते, हा वापरकर्त्यापुढचा अधिक व्यावहारिक प्रश्न आहे. बिल नाही, विक्रेता नाही, पत्ता नाही.

बँकेतून पैसे गेल्यास रिझर्व्ह बँकेने जुलै २०१७ मध्ये घालून दिलेले नियम महत्त्वाचे ठरतात. चूक ना बँकेची ना ग्राहकाची, अशा प्रकरणात तीन कामकाजाच्या दिवसांत कळवल्यास ग्राहकावर भार पडत नाही. ग्राहकाच्या निष्काळजीपणामुळे नुकसान झाले असेल, तर बँकेला कळवेपर्यंतचे नुकसान त्यालाच सोसावे लागते. ग्राहकाची जबाबदारी सिद्ध करण्याचा भार बँकेवर असला, तरी इशारे डावलून अनोळखी ॲप बसवल्याचा मुद्दा पुढे आल्यास वाद लांबू शकतो.

गूगलच्या नव्या नियमांनी मॉड थांबतील का?

अँड्रॉइडने ही दारे टप्प्याटप्प्याने अरुंद केली आहेत. २०२२ मधील अँड्रॉइड १३ पासून बाहेरून आणलेल्या ॲपला ॲक्सेसिबिलिटी सहजासहजी मिळत नाही. ब्राउझर, मेसेजिंग ॲप किंवा फाइल मॅनेजरमधून आलेले ॲप एसएमएस, नोटिफिकेशन किंवा ॲक्सेसिबिलिटीसारख्या संवेदनशील परवानग्या मागत असेल, तर ते बसण्यापूर्वीच रोखणारा प्रयोग गूगलने ऑक्टोबर २०२४ मध्ये भारतासाठी जाहीर केला. ऑगस्ट २०२५ मध्ये कंपनीने याहून मोठे पाऊल जाहीर केले. प्रमाणित अँड्रॉइड फोनवर ॲप बसवायचे, तर ते बनवणाऱ्याची ओळख पडताळलेली असली पाहिजे. सप्टेंबर २०२६ पासून ब्राझील, इंडोनेशिया, सिंगापूर व थायलंड आणि २०२७ पासून उर्वरित जग, असे वेळापत्रक तेव्हा देण्यात आले. स्टोअरबाहेरून येणाऱ्या ॲपमध्ये घातक कोडचे प्रमाण प्ले स्टोअरच्या ५० पटींहून अधिक असल्याचा कंपनीचा दावा आहे.

या निर्णयाला विरोधही झाला. मुक्त स्रोत ॲपचे भांडार असलेल्या ‘एफ-ड्रॉइड’ने, यामुळे आपल्यासारखे प्रकल्प संपतील, अशी भूमिका घेतली. फोन विकत घेतला, तर त्यात काय बसवायचे हे मालकानेच ठरवावे, हा त्यामागचा मुद्दा आहे. टीकेनंतर जाणकार वापरकर्त्यांसाठी वेगळी वाट ठेवण्याचे गूगलने नोव्हेंबर २०२५ मध्ये सांगितले. स्टोअरबाहेरचे प्रत्येक ॲप घातक नसते, हे या वादात लक्षात ठेवायला हवे. कोड सर्वांसमोर खुला असलेले ॲप आणि कुणी बदलले हेच न सांगणारा मॉड यांत मोठे अंतर आहे.

मॉड आधीच बसवले असेल तर काय करावे?

प्रथम फोनचा डेटा आणि वायफाय बंद करावे. सेटिंग्जमध्ये जाऊन ॲक्सेसिबिलिटी, नोटिफिकेशन वाचण्याची परवानगी आणि ‘डिव्हाइस ॲडमिन’ या तीन ठिकाणी त्या ॲपचे नाव आहे का पाहावे व असल्यास ते बंद करावे. त्यानंतर ॲप काढून टाकावे. निघत नसेल, तर फोन ‘सेफ मोड’मध्ये सुरू करून प्रयत्न करावा. मग प्ले स्टोअरमधील प्ले प्रोटेक्ट सुरू आहे ना हे पाहून तपासणी करावी आणि ब्राउझर व टेलिग्रामला दिलेली ‘अनोळखी ॲप’ची परवानगी काढून घ्यावी. केंद्र सरकारच्या ‘सायबर स्वच्छता केंद्रा’च्या संकेतस्थळावरही घातक कोड शोधण्याची मोफत साधने आहेत.

पासवर्ड बदलायचे ते दुसऱ्या, खात्रीच्या फोनवरून किंवा संगणकावरून. सुरुवात ईमेलपासून करावी, कारण बाकीच्या खात्यांचे पासवर्ड तिथूनच बदलता येतात. संगीत सेवेच्या खात्यातून सर्व उपकरणांवरून बाहेर पडण्याचा पर्याय वापरावा. बँकेचे विवरण आणि मोबाइलचे बिल किंवा शिल्लक तपासावी. न मागितलेली सेवा सुरू झालेली दिसल्यास ती लगेच बंद करून घ्यावी. फोन तरीही विचित्र वागत असेल, तर छायाचित्रे आणि कागदपत्रे बाजूला ठेवून फोन ‘फॅक्टरी रीसेट’ करणे हाच खात्रीचा उपाय. पैसे गेले असतील, तर मात्र आधी बँकेला कळवून आणि १९३० या राष्ट्रीय मदत क्रमांकावर नोंद करूनच बाकीची कामे करावीत. रक्कम पुढच्या खात्यात सरकण्याआधी गोठवता येणे हे सर्वस्वी वेळेवर अवलंबून असते. राष्ट्रीय सायबर गुन्हे पोर्टलवरही तक्रार करता येते. आपणच अनधिकृत ॲप घेतले, म्हणून संकोचाने गप्प राहणारे हा मोलाचा वेळ गमावतात.

कमी खर्चाचे कायदेशीर पर्याय कोणते?

जाहिरातींसह मोफत ऐकण्याची सोय स्पॉटिफाय, जिओसावन आणि यूट्यूबवर आजही आहे. कुटुंबासाठीच्या आणि विद्यार्थ्यांसाठीच्या योजनांत माणशी खर्च बराच कमी होतो. काही मोबाइल रिचार्जसोबतही संगीत सेवा मिळते, ती आधीच आपल्या योजनेत आहे का हे अनेकांनी पाहिलेलेही नसते. आकाशवाणीची केंद्रे तिच्या अधिकृत ॲपवर मोफत ऐकता येतात. प्रसार भारतीने नोव्हेंबर २०२४ मध्ये गोव्यातील ‘इफ्फी’मध्ये सादर केलेल्या ‘वेव्हज’ या ओटीटी मंचावरही रेडिओ आहे. या पर्यायांत जाहिराती आहेत, मर्यादाही आहेत. मात्र त्यांत बिघाड झाला, तर जाब कुणाला विचारायचा हे ठाऊक असते. घरातल्या लहानग्यांचे आणि ज्येष्ठांचे फोन या निमित्ताने एकदा तपासून पाहणे श्रेयस्कर. अनेक घरांत मॉड बसवणारा एक असतो आणि बँकेचे ॲप त्याच फोनवर वापरणारा दुसराच.